आकड्यांच्या जागी कुत्रा : ‘डोज २०४८’ आणि मीमवरच्या खेळांची घडण

प्रश्न असा आहे : संगणकशास्त्राच्या तिसऱ्या वर्षाचे तिघे विद्यार्थी सत्राच्या प्रकल्पासाठी मीमवर आधारलेला एक विनोदी ब्राउझर गेम करत आहेत. ‘२०४८’ या खेळात ४ बाय ४ च्या पटावर आकड्यांच्या चौकोनी टाइल सरकवायच्या असतात, दोन सारखे आकडे भिडले की त्यांची दुप्पट किमतीची एक टाइल होते, आणि २०४८ ची टाइल घडवणे हे ध्येय असते. या खेळाचा मुक्त कोड घेऊन त्यातील आकड्यांच्या जागी एका गाजलेल्या मीमची चित्रे बसवायची, असा त्यांचा बेत आहे. खेळ चालू झाला आहे, पण मित्रमंडळी दोन मिनिटे हसतात आणि टॅब बंद करतात. चित्रे बदलण्याखेरीज आणखी काय करावे लागते, आणि हाच प्रयोग ‘डोज’ या कुत्रीच्या मीमवर बेतलेल्या ‘डोज २०४८’च्या बाबतीत का जमला, असे त्यांनी विचारले आहे.

ब्राउझरमध्ये चालणारे छोटे खेळ घडवण्याचे काम मी बरीच वर्षे करत आलो आहे, त्यामुळे उत्तराचा गाभा आधी सांगतो आणि मग तपशिलात जातो. मीमवरचा खेळ टिकायचा असेल, तर विनोद त्या खेळाच्या नियमात, म्हणजे प्रत्येक चालीला खेळाडूला जे ठरवावे लागते त्यात, शिरला पाहिजे. ओळखीचे चित्र दिसल्यावर येणारे हसू हे ओळख पटल्याचे हसू असते, आणि ओळख एकदाच पटते. ‘डोज २०४८’मध्ये आकडे जाऊन त्यांच्या जागी कुत्र्याची चित्रे आली तेव्हा खेळाडूच्या डोक्यात चालणारे कामच बदलले. वरवर पाहता तो केवळ कपडेबदल होता, म्हणून अनेकांनी त्याची नक्कल करताना कपडेच तेवढे उचलले.

या खेळात दोन धागे एकत्र आले, आणि दोन्हींची हकिकत ठाऊक असल्याशिवाय पुढचे नीट कळणार नाही. पहिला धागा जपानमधला. चिबा प्रांतातील साकुरा शहरात राहणाऱ्या आत्सुको सातो या बालवाडीच्या शिक्षिकेने २००८ मध्ये निवाऱ्यातून शिबा इनू जातीची एक कुत्री दत्तक घेतली. तिचा चेहरा काबोसू नावाच्या जपानी लिंबासारखा गोल, म्हणून तिचे नावही काबोसू ठेवले. फेब्रुवारी २०१० मध्ये सातो यांनी आपल्या ब्लॉगवर तिची काही छायाचित्रे टाकली. त्यांतल्या एकात ती पुढचे पाय एकमेकांवर ठेवून, भुवया किंचित उंचावून, तिरक्या नजरेने पाहते आहे. २०१३ पर्यंत ते छायाचित्र जगभर पोचले होते, आणि त्यासोबत त्याची एक ठरीव मांडणीही : कुत्रीच्या भोवती विखुरलेले, कॉमिक सॅन्स या टंकातले, भडक रंगांचे, मुद्दाम मोडक्या इंग्रजीतले दोन-दोन शब्द. ‘वाव’, ‘सच’, ‘मच’, ‘व्हेरी’ असे शब्द भलत्याच शब्दांना जोडायचे, ही त्या मीमची भाषा. त्याच वर्षाच्या डिसेंबरमध्ये बिली मार्कस आणि जॅक्सन पामर यांनी डोजकॉइन हे आभासी चलन काढले, तेही मुळात थट्टा म्हणूनच.

दुसरा धागा इटलीतला. १९ वर्षांच्या गाब्रिएले चिरुल्ली याने एका शनिवार-रविवारात ‘२०४८’ लिहिला आणि ९ मार्च २०१४ रोजी तो प्रसिद्ध केला. आठवडाभराच्या आत ४० लाखांहून अधिक लोक त्या पानावर येऊन गेले. त्याची कल्पना मुळात त्याची नव्हती आणि तसे त्याने कधी भासवलेही नाही. आधी ‘१०२४’ नावाचा खेळ होता, आणि त्याच्याही आधी अ‍ॅशर व्होलमर आणि ग्रेग वोलवेंड यांचा ‘थ्रीज’. ‘थ्रीज’ फेब्रुवारी २०१४ मध्ये आला आणि त्यामागे वर्षाहून अधिक काळाची मेहनत होती. आपला खेळ इतर खेळांवर बेतलेला आहे हे जाणून चिरुल्लीने कोड एमआयटी या मुक्त परवान्याखाली गिटहब या कोड ठेवण्याच्या संकेतस्थळावर खुला ठेवला. त्यानंतर काही दिवसांतच त्याच्या असंख्य आवृत्त्या निघाल्या, आणि त्यांतली सर्वांत जास्त लोकांच्या आठवणीत राहिलेली एक म्हणजे ‘डोज २०४८’. पट तोच, चाली त्याच, पण आकड्यांऐवजी काबोसूची आणि तिच्या रूपांतरांची चित्रे, आणि खेळता खेळता पटावर उमटणारे ते रंगीत, मोडके शब्द.

आता मुख्य मुद्दा. मूळ ‘२०४८’मध्ये आकडा एकाच वेळी दोन कामे करतो. दोन टाइल जुळणाऱ्या आहेत का, हे तो सांगतो. आणि कोणती टाइल किती वरच्या पायरीची आहे, हेही सांगतो. ६४ आणि १२८ शेजारी दिसले की एकाला दुसऱ्याच्या तोडीला आणण्यासाठी एकच पायरी उरली आहे, हे आपल्याला मोजावे लागत नाही. चित्र लावल्यावर पहिले काम शाबूत राहते, कारण सारखी चित्रे सारखी दिसतातच. दुसरे काम मात्र संपूर्ण नाहीसे होते. टोपी घातलेला कुत्रा मोठा की झोपलेला कुत्रा मोठा, हे चित्र सांगत नाही. ते खेळाडूला खेळूनच शिकावे लागते : दोन झोपलेले एकत्र आले की टोपीवाला निघतो, दोन टोपीवाले एकत्र आले की अंतराळवीर निघतो. पत्त्यांत गुलाम, राणी, राजा हा क्रम आपण लहानपणी असाच पाठ केलेला असतो, चेहऱ्यांवरून तो कळत नाही. म्हणूनच तर पत्त्याच्या कोपऱ्यात अक्षर छापावे लागते. ‘डोज २०४८’ने कोपऱ्यातले ते अक्षरही काढून टाकले.

यातून दोन गोष्टी घडतात. पहिली अशी की एकत्र होणारी प्रत्येक जोडी, निदान पहिल्या काही डावांत, एक प्रश्न होऊन बसते, कारण पुढे काय निघेल हे ठाऊक नसते. आकड्यांच्या खेळात २५६ नंतर ५१२ येणार हे ठरलेलेच असते, त्यात कुतूहलाला जागा नाही. चित्रांच्या खेळात पुढची पायरी गाठणे म्हणजे पुढचे चित्र पाहणे, आणि त्या कुतूहलापोटी लोक डाव सोडत नाहीत. दुसरी गोष्ट अशी की काही काळाने खेळाडू अत्यंत गंभीरपणे, कपाळाला आठ्या घालून, कुत्र्यांच्या अधिकारश्रेणीचा विचार करू लागतो. ‘हा तिरका पाहणारा कोपऱ्यात अडकला, आता त्याच्या शेजारी हसरा आणायला हवा,’ असे तो मनात म्हणतो आणि क्षणभराने आपण काय म्हणालो हे त्याच्या ध्यानात येते. या खेळातला खरा विनोद इथे आहे. तो पडद्यावर कुठेही लिहिलेला नाही. खेळाडू स्वतःच्या विचारातून तो घडवतो आणि म्हणून तो शिळा होत नाही.

‘थ्रीज’च्या कर्त्यांनी हाच प्रश्न वेगळ्या रीतीने सोडवला होता. त्यांच्या पटावरील प्रत्येक आकड्याला चेहरा आहे आणि आवाजही आहे, पण आकडा ठळकपणे जागेवर आहे. तिथे व्यक्तिमत्त्व ही भर आहे आणि डोकेबाजीला धक्का लागलेला नाही. दोन्ही मार्ग योग्यच आहेत. फक्त कोणता घ्यायचा ते आधी ठरवा. तुमच्या आवृत्तीत चित्रावर लहानसा आकडाही ठेवला आहे, असे तुम्ही कळवले आहे. माझे स्पष्ट मत असे की तो आकडाच तुमचा खेळ मारतो आहे. खेळाडूचे डोळे आपोआप सोप्या खुणेकडे जातात. तो आकडे वाचून खेळतो, आणि चित्रे भिंतीवरच्या कागदासारखी मागे पडून राहतात. आकडा काढा. खेळ अवघड होईल ही भीती बाळगू नका, मात्र अवघडपणा कुठे येतो ते नीट पाहा.

चित्रांची निवड हा या कामाचा सर्वांत कष्टाचा भाग आहे, आणि बहुतेक जण तो अर्ध्या तासात उरकतात. २ पासून २०४८ पर्यंत ११ पायऱ्या आहेत, म्हणजे किमान ११ चित्रे लागतात. ती सर्व एकाच मीमची असल्यामुळे मुळातच एकमेकांसारखी असतात; एकाच कुत्रीचे तेच तोंड ११ वेळा. मूळ कोडमध्ये संगणकावरचा पट ५०० पिक्सेल रुंदीचा आहे आणि त्यात एक टाइल सुमारे १०६ पिक्सेलची होते, पण फोनवर पट २८० पिक्सेलवर येतो आणि टाइल अवघी साडेसत्तावन्न पिक्सेलची उरते. म्हणून चित्र निवडताना ते मोठ्या पडद्यावर पाहू नका. अकराही चित्रे फोनवर खऱ्या आकारात शेजारी शेजारी मांडा, फोन हातभर लांब धरा आणि नुसत्या बाह्याकृतीवरून वेगळी ओळखू येतात का ते पाहा. भाव ओळखून चित्र वेगळे करावे लागत असेल तर ते बाद. आकार, ठेवण किंवा मोठा रंगाचा पट्टा यावरून ओळखू आले तर ठेवा. मूळ खेळाच्या टाइलना फिकट पिवळसरपासून तांबड्याकडे आणि मग सोनेरीकडे जाणारे रंग आहेत. ते चित्रांच्या पार्श्वभूमीला तसेच ठेवले, तर आकडा गेल्यावरही क्रमाची एक पुसटशी खूण खेळाडूच्या हाती राहते. एवढी मदत पुरेशी असते.

क्रम लावतानाही थोडा हिशेब मांडावा. या खेळात प्रत्येक चालीनंतर एक नवी टाइल येते. ती १० पैकी ९ वेळा २ ची आणि एकदा ४ ची असते. म्हणजे प्रत्येक चालीला पटाच्या बेरजेत सरासरी २.२ ची भर पडते. २०४८ ची टाइल घडण्यासाठी पटाची बेरीज किमान तेवढी व्हायला हवी, म्हणून साधारण ९३० नव्या टाइल याव्या लागतात. त्यांतल्या सुमारे ८४० पहिल्या पायरीच्या असतात. उलट १०२४ चे चित्र एका यशस्वी डावात दोनदा घडते आणि शेवटचे एकदाच. या हिशेबाचा अर्थ असा की पहिल्या पायरीवरचे चित्र खेळाडू शेकडो वेळा पाहणार आहे, तेव्हा तिथे तुमचा सर्वांत मोठा विनोद ठेवू नका. तिथे शांत, साधे, डोळ्यांना न खुपणारे चित्र हवे. हलणारे तर मुळीच नको, कारण पटावर तशी पाच-सहा चित्रे एकाच वेळी हलू लागली की डोके दुखू लागते. विनोद पायरीगणिक चढत जावा. सहाव्या-सातव्या पायरीवर, म्हणजे ६४ ते १२८ च्या आसपास, एखादे अनपेक्षित चित्र असावे, कारण नवखा खेळाडू पहिल्या डावात साधारण तिथवर सहज पोचतो आणि पुन्हा खेळायचे की नाही हे तो तिथेच ठरवतो. मीमचे मूळ, सर्वांना ठाऊक असलेले छायाचित्र कुठे ठेवायचे यावर मतभेद होऊ शकतात. मी ते शेवटच्या पायरीवर ठेवीन, कारण जे सर्वांना पहिल्या क्षणी दिसायला हवे होते ते मिळवण्यासाठी हजारभर चाली कराव्या लागणे, ही त्या खेळापुरती पूर्ण आणि सुसंगत कल्पना आहे.

शब्दांचे काम वेगळे. डोज हे मीम चित्र आणि शब्द मिळून बनलेले आहे, शब्द काढले तर उरते ती केवळ एक गोड कुत्री. पण पटावर उमटणारा शब्द खेळाडूच्या वाटेत येता कामा नये, आणि इथे मूळ खेळाची वेळेची बांधणी अभ्यासण्यासारखी आहे. टाइल सरकायला १०० मिलिसेकंद लागतात; जोडी एकत्र झाल्यावर नवी टाइल किंचित फुगून पूर्ववत होते त्याला आणखी २०० मिलिसेकंद; मिळालेले गुण वर तरंगत विरून जातात त्याला ६०० मिलिसेकंद. डाव संपल्याचा पडदाही लगेच येत नाही, सव्वा सेकंदाच्या आसपास थांबून मग हळूहळू उमटतो, जेणेकरून आपण कुठे अडकलो हे खेळाडूला आधी दिसावे. तुमचा शब्द या क्रमात फुगण्याची क्रिया संपल्यावर यायला हवा. त्याआधी आला तर डोळा शब्दाकडे वळतो आणि नवे चित्र बघायचे राहून जाते, म्हणजे मोठ्या विनोदाला लहान विनोद झाकतो.

शब्द दर जोडीला उमटवणे ही सर्वांत सामान्य चूक आहे. एका पूर्ण डावात शेकडो जोड्या होतात. तेवढ्या वेळा ‘वाव’ दिसला तर तो शब्द राहत नाही, पडद्यावरचा कचरा होतो. एखाद्या पायरीवर खेळाडू आयुष्यात प्रथमच पोचला, एका चालीत तीन-चार जोड्या जुळल्या, किंवा पट पूर्ण भरत आलेला असताना शेवटच्या घराने वाचवले, अशा प्रसंगांनाच शब्द राखून ठेवा. तो प्रसंगाला धरून असला तर खेळाडूला आपल्याकडे कोणीतरी लक्ष ठेवून आहे असे वाटते, आणि विनोदी खेळात ही जाणीव फार मोलाची आहे. शब्दांची यादी यदृच्छेने निवडताना शेवटचे काही शब्द लक्षात ठेवून ते वगळा, कारण खऱ्या यदृच्छेत तोच शब्द लागोपाठ दोनदा येतो आणि पाहणाऱ्याला ती खेळातली त्रुटी वाटते.

तुम्हाला हे शब्द मराठीत हवे आहेत, म्हणून दोन गोष्टी खास सांगतो. शब्द एकेक अक्षर करून उमटवण्याची क्लृप्ती रोमन लिपीत सोपी आहे. देवनागरीत मजकूर सरळ तोडला तर मात्रा आणि वेलांट्या अक्षरापासून सुटून ठिपक्यांच्या वर्तुळावर लटकतात. जावास्क्रिप्टमधील इंटल सेगमेंटर ही सोय वापरून अक्षरगट पाडावेत, आणि तरीही जुन्या ब्राउझरमध्ये ‘क्ष’, ‘ज्ञ’ यांसारखी जोडाक्षरे दुभंगू शकतात, म्हणून अख्खा शब्द एकदम उमटवणे मला अधिक पसंत आहे. दुसरे म्हणजे ओळीची उंची : मूळ कोडमधील मापे इंग्रजी आकड्यांसाठी बेतलेली आहेत, त्यांत रफार आणि वरचा अनुस्वार कापला जातो. टंकासाठी कॉमिक सॅन्सला देवनागरी जोड शोधत बसू नका, कारण त्यात देवनागरी अक्षरेच नाहीत आणि ब्राउझर गुपचूप दुसराच टंक लावतो. मुंबईच्या एक टाइप या संस्थेचा ‘बलू’ हा गोलसर, खेळकर टंक मुक्त परवान्याखाली मिळतो आणि या कामाला चांगला शोभतो. गुण देवनागरी आकड्यांत दाखवायचे असतील तर संख्या ‘मराठी-भारत’ (mr-IN) या स्थानसंकेताने, म्हणजे भाषा आणि देश सांगणाऱ्या खुणेने, रूपांतरित केल्यास ते आपोआप होते, वेगळा कोड लिहावा लागत नाही.

विनोद नियमात शिरणे म्हणजे काय, याचे आणखी शुद्ध उदाहरण हवे असेल तर ‘पॉपकॅट’ पाहा. ते मीम २०२० चे : एका मांजराचे बंद तोंडाचे चित्र, आणि संगणकावर करामत करून तोंड वाटोळे उघडलेले दुसरे चित्र. त्यावर इंग्लंडमधील विद्यार्थ्यांनी केलेल्या खेळात बटण दाबले की तोंड उघडते, सोडले की मिटते, ‘पॉप’ असा आवाज येतो आणि आकडा एकाने वाढतो. बस्स, एवढेच. मीम म्हणजे दोन चित्रांमधली एक हालचाल होती, आणि बोटाची कृतीही तीच हालचाल आहे. चित्र आणि नियम यांत भेदच उरलेला नाही. दाबणे आणि सोडणे या दोन वेगळ्या घटना म्हणून हाताळल्या आहेत, हा त्यातला बारकावा. साध्या ‘क्लिक’वर काम भागवले असते तर तोंड उघडे ठेवून थांबता आले नसते आणि मांजर आपल्या बोटाखाली आहे ही भावना गेली असती. ऑगस्ट २०२१ मध्ये देशनिहाय गुणफलकामुळे तैवान, थायलंड, हाँगकाँग, मलेशिया येथील लोकांत त्यावर अक्षरशः चुरस लागली. साहजिकच यंत्राने दाबणारेही आले. त्यांच्यासाठी दर ३० सेकंदांना ८०० वेळा दाबण्याची मर्यादा होती, आणि यंत्र वापरल्याचा संशय आला की मांजराचे डोळे लाल होत आणि मोजणी थांबे. कोरडा चूक-संदेश दाखवण्याऐवजी शिक्षाही मांजराच्याच चेहऱ्यावर दाखवली, याचे मला फार कौतुक वाटते. तुमच्या खेळात डाव संपतो तेव्हा जे वाक्य दिसते, नवा डाव सुरू करण्याच्या बटणावर जे लिहिलेले असते, ते अजून मूळ खेळाचेच आहे. तिथेही तुमच्या मीमचा स्वर आला पाहिजे.

कोडविषयी थोडक्यात. ‘२०४८’मध्ये खेळाचे तर्कशास्त्र आणि पडद्यावरचे चित्रण वेगळ्या फायलींत आहे, प्रत्येक टाइलला तिच्या किमतीचा वर्ग (सीएसएसमधला ‘क्लास’, म्हणजे तिचे रूप ठरवणारे नाव) दिलेला असतो, त्यामुळे त्या वर्गांना पार्श्वचित्र लावले की तर्काला हात न लावता चित्रे बसतात. मात्र २०४८ च्या वरच्या सर्व टाइलना कोड एकच सामायिक वर्गही जोडतो. स्वतंत्र चित्रे दिली नाहीत तर ४०९६ आणि ८१९२ एकसारखेच दिसतील, आणि इतक्या पुढे गेलेल्या चिकाटीच्या खेळाडूचा डाव केवळ त्यामुळे बिघडेल. ४ बाय ४ च्या पटावर तत्त्वतः १,३१,०७२ पर्यंत पोचता येते. तुम्ही निदान १६,३८४ पर्यंतची चित्रे तयार ठेवा.

दुसरी अडचण सहसा कोणाच्या ध्यानात येत नाही. सर्वोच्च गुण आणि अर्धवट डाव ब्राउझरच्या स्थानिक साठ्यात ठेवला जातो, आणि तो साठा पानागणिक वेगळा नसून संकेतस्थळाच्या मूळ पत्त्यागणिक असतो. गिटहबच्या एकाच खात्यावर तुम्ही मूळ खेळ आणि मीमचा खेळ असे दोन्ही ठेवले, तर दोघे एकमेकांचे गुण आणि अर्धवट डाव उचलतील. साठ्यातील नावांना तुमच्या खेळाचा उपसर्ग लावा, प्रश्न मिटतो. आवाज वापरणार असाल तर तो पहिल्या स्पर्शानंतरच सुरू करा, कारण २०१८ पासून क्रोम खेळाडूच्या कृतीशिवाय आवाज वाजू देत नाही. आणि बंद करण्याचे बटण दिसेल असे ठेवा, कारण असे खेळ वर्गात आणि कार्यालयात उघडले जातात. सगळी चित्रे मिळून काही शे किलोबाइटांच्या आत बसवा. विनोदाच्या खेळासाठी कोणी चक्र फिरताना पाहत थांबत नाही. इतरांनी लिहिलेल्या तयार कोडसंचांवर (लायब्ररींवर) शक्य तितके कमी अवलंबून राहा. २०२० अखेर ब्राउझरमध्ये खेळ चालवणारी फ्लॅश ही जुनी प्रणाली बंद झाली तेव्हा मीमवरच्या खेळांची एक अख्खी पिढी एका दिवसात उघडेनाशी झाली, त्यांतले काही आज रफल या अनुकरण-प्रणालीमुळे परत दिसतात. साध्या एचटीएमएल, सीएसएस आणि जावास्क्रिप्टमध्ये लिहिलेला ‘२०४८’ मात्र अजूनही जसाच्या तसा चालतो.

शेवटी हक्कांचा प्रश्न, जो तुम्ही विचारलेला नाही पण तुमचे परीक्षक विचारतील. एमआयटी परवाना तुम्हाला कोड बदलण्याची, वाटण्याची, विकण्याचीही मुभा देतो; त्याबदल्यात परवान्याचा मजकूर आणि मूळ कर्त्याचे नाव सोबत ठेवावे लागते. ती फाइल काढून टाकू नका. पानाच्या तळाशी ‘२०४८’सोबत ‘१०२४’ आणि ‘थ्रीज’ यांचाही उल्लेख करा. चिरुल्लीने तो केला होता, आणि ‘थ्रीज’च्या कर्त्यांनी त्याच वर्षी आपला दीर्घ पत्रव्यवहार प्रसिद्ध करून नकलांमुळे झालेली आपली व्यथा मांडली होती, तेव्हा ही केवळ औपचारिकता नाही.

कोडचा परवाना चित्रांना लागू होत नाही. छायाचित्र कोट्यवधी वेळा फिरले म्हणून ते बेवारस होत नाही : जून २०२१ मध्ये सातो यांनी काबोसूच्या त्या छायाचित्राचा एनएफटी, म्हणजे डिजिटल मालकीचा दाखला, लिलावात विकला तेव्हा त्याला सुमारे ४० लाख डॉलर मिळाले. भारताच्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यातील कलम ५२ टीका, समीक्षा आणि खाजगी अभ्यास यांसाठी उचित वापराची मोकळीक देते, पण मीमचा खेळ त्यात बसेल असे गृहीत धरून जाहिराती लावणे धोक्याचे आहे. तुम्ही निवडलेल्या मीममध्ये एका सामान्य माणसाचा चेहरा आहे, असे दिसते. काबोसूला आपल्या चेहऱ्याचे काय चालले आहे याची फिकीर नव्हती. मे २०२४ मध्ये ती गेली तोवर साकुरामध्ये तिचा पुतळाही बसवला गेला होता. माणसाचे तसे नसते. ज्याने कधी संमती दिली नाही त्याचा चेहरा ८४० वेळा पटावर आपटवणे मला योग्य वाटत नाही. तुमच्यापैकी एकीला चित्रे काढता येतात, असे तुम्ही लिहिले आहे. तर तिच्याकडून त्याच हावभावाचे एखादे काल्पनिक पात्र अकरा अवस्थांमध्ये काढून घ्या. बाह्याकृती वेगळ्या ठेवणेही त्यामुळे सोपे जाईल, आणि साडेसत्तावन्न पिक्सेलमध्ये रेषेचे चित्र छायाचित्रापेक्षा केव्हाही स्पष्ट दिसते.